सही करणारा खोलीत नसतो

भूसंपादनाच्या अपिलांचा बोर्ड लागतो त्या दिवशी उच्च न्यायालयाच्या यादीत एकच उत्तरवादी पानभर खाली उतरत जातो. डावीकडची नावे बदलत राहतात. कधी एकटा शेतकरी, कधी 'मयत, तर्फे वारस' म्हणून सात-आठ जणांची रांग. उजवीकडे मात्र दर ओळीला तेच: विशेष भूसंपादन अधिकारी व इतर.

शेतकऱ्याच्या डोळ्यांसमोर त्या वेळी एक विशिष्ट साहेब असतो. ज्याने निवाडा केला, चाळीस हजार रुपये एकराने हिशेब मांडला आणि 'हरकत असेल तर कोर्टात जा' म्हणाला, तो. पण तो साहेब केव्हाच बदलून गेलेला असतो, कदाचित पेन्शनही घेत असेल. आज त्या खुर्चीत बसलेल्या उपजिल्हाधिकाऱ्याने ती जमीन पाहिलेली नसते. पाहायची म्हटले तरी सोय नसते, कारण तिच्यावर पाझर तलावाचे पाणी उभे असते. अपील हुद्द्यावर असते, आणि हुद्दा काही समोर बसून 'ठीक आहे, मिटवून टाकू' म्हणत नाही. सरकारी अधिकाऱ्याविरुद्धचे अपील तडजोडीने मिटवायचे म्हणजे काय करायचे, ते या अडचणीपासूनच सुरू होते.

कायद्याने ही अडचण पुरती डोळ्याआड केलेली नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या २७व्या आदेशात ५-ब असा एक नियम आहे, १९७६च्या दुरुस्तीने आलेला. सरकार किंवा अधिकृत नात्याने काम करणारा सरकारी अधिकारी पक्षकार असेल, तर पक्षकारांना तडजोडीपर्यंत पोचायला मदत करण्याचा प्रयत्न आधी करणे हे न्यायालयाचे कर्तव्य आहे, असे तो सांगतो. कर्तव्य, मर्जी नव्हे. मध्यस्थीचा बोलबाला झाला तो २००२ मध्ये कलम ८९ नव्या रूपात लागू झाल्यावर. पण सरकारी दाव्यांसाठी ही खिडकी त्याआधी पंचवीस वर्षे उघडी होती. वकिलांच्या खोलीत या नियमाची आठवण फारशी कुणी काढताना दिसत नाही. काढावी.

आता अपील मुळात येते कुठून ते पाहू. बोर्डावरची बहुतेक जुनी प्रकरणे १८९४च्या भूसंपादन कायद्याखालची. नवा कायदा १ जानेवारी २०१४पासून लागू झाला, पण ज्यांचा निवाडा त्याआधी झाला त्यांचे पुढचे सगळे जुन्याच कायद्याने चालते. कलम ४ची अधिसूचना, कलम ६ची घोषणा, मोजणी, नोटिसा आणि मग कलम ११चा निवाडा. निवाड्याचा दर मान्य नसेल तर शेतकरी पैसे 'हक्क राखून' उचलतो आणि कलम १८ खाली वाढीव मोबदल्याचा अर्ज करतो. तो जिल्हाधिकाऱ्यांमार्फत दिवाणी न्यायालयात जातो. तालुक्याच्या भाषेत 'रेफरन्स'. तिथे खरेदीखते, सातबारा, साक्षी होऊन दर वाढतो, पण मागितला तेवढा वाढत नाही. मग कलम ५४ खाली उच्च न्यायालयात पहिले अपील. बऱ्याचदा सरकारही उलट अपील करते, की दर वाढवला तोच जास्त झाला. दोन्ही अपिले एकमेकांना बांधून वर्षानुवर्षे पडून राहतात.

या पडून राहण्याची किंमत काय, हे आकड्यांत पाहिल्याशिवाय तडजोडीच्या टेबलावर बसू नये. एक उदाहरण घेऊ. आकडे समजुतीसाठी सोपे केले आहेत. जमीन ८० आर, म्हणजे सुमारे दोन एकर. अधिसूचना जानेवारी २००५ची, निवाडा आणि ताबा दोन्ही जानेवारी २००७चे. अधिकाऱ्याने दर दिला आरला १,००० रुपये. दिवाणी न्यायालयाने तो ३,००० केला. शेतकरी अपिलात ५,००० मागतो. म्हणजे अपिलातला खरा वाद आरला २,००० रुपयांचा, ८० आरांचे १,६०,००० रुपये.

एवढ्यावर भागत नाही. कलम २३(२) प्रमाणे त्यावर ३० टक्के दिलासा रक्कम: ४८,०००. कलम २३(१-अ) प्रमाणे अधिसूचनेपासून निवाड्यापर्यंतच्या दोन वर्षांचे, वर्षाला १२ टक्के: ३८,४००. बेरीज २,४६,४००. आता या सगळ्या बेरजेवर कलम २८चे व्याज, ताब्यापासून पहिल्या वर्षी ९ टक्के आणि पुढे दर वर्षी १५ टक्के. दिलासा रकमेवरही व्याज धरायचे, हे सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये सुंदर खटल्यात स्पष्ट केले आहे. पहिल्या वर्षाचे २२,१७६, नंतर दर वर्षाचे ३६,९६०. जानेवारी २०२५पर्यंत अठरा वर्षांचे व्याज होते ६,५०,४९६. एकूण ८,९६,८९६. दीड-पावणेदोन लाखांचा वाद नऊ लाखांवर आला, आणि त्यातले दोन तृतीयांशाहून जास्त नुसते व्याज.

हे कागदावर उतरले की दोन्ही बाजूंची दुखती जागा दिसते. सरकार हरले तर दर वर्षाला सदतीस हजारांनी जास्त हरणार आहे. शेतकरी हरला तर त्याची वाढ शून्य, वरून सरकारचे उलट अपील मान्य झाले तर आधी उचललेल्या पैशातले काही परत करण्याची पाळी. इतके मात्र पक्के, की अधिकाऱ्याने स्वतः दिलेल्या दराखाली न्यायालय जाऊ शकत नाही. कलम २५ आडवे येते. हा खालचा तळ आणि वरचे नऊ लाख, यांच्यामधल्या पट्ट्यात तडजोड बसवायची असते.

आता दार कोणते? तीन आहेत. एक, दोन्ही बाजूंच्या वकिलांनी आपसांत बोलून सहमतीच्या अटी लिहून न्यायालयापुढे ठेवायच्या. न्यायालय २३व्या आदेशाखाली तसा हुकूमनामा करते. दुसरे, न्यायालयाने प्रकरण मध्यस्थी केंद्राकडे पाठवायचे. तिसरे, लोकअदालत. मध्यस्थीचे दार भूसंपादनाच्या बाबतीत जरा गमतीचे आहे. २०२३च्या मध्यस्थी कायद्याची पहिली अनुसूची काढून पाहा: मध्यस्थीला न चालणाऱ्या वादांच्या यादीत भूसंपादन आणि त्याचा मोबदला ठरवणे हा विषय आहे. आणि २०२५च्या जुलै ते सप्टेंबरमध्ये राष्ट्रीय विधी सेवा प्राधिकरण आणि सर्वोच्च न्यायालयाची मध्यस्थी समिती यांनी देशभर मध्यस्थीची मोहीम चालवली, तिच्या विषयांत भूसंपादनाची प्रकरणे नावानिशी होती. एका हाताने दार लोटायचे, दुसऱ्या हाताने माणसांना आत बोलवायचे, असा हा प्रकार. माझ्या मते अपीलकर्त्याने या वादात पडूच नये. बोलणी मध्यस्थापुढे करावीत, ती तिथेच नीट होतात. शेवटचा शिक्का मात्र लोकअदालतीच्या निवाड्याचा किंवा खुद्द न्यायालयाच्या आदेशाचा घ्यावा. लोकअदालत १९८७च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याखाली चालते. त्या कायद्याच्या कलम २१ने तिचा निवाडा दिवाणी हुकूमनाम्यासारखाच मानला जातो आणि त्यावर अपील नाही. वर्षभराने कुणा नव्या साहेबाला शंका सुचली तरी तिला जागा उरत नाही.

लोकअदालतीबद्दल गावात एक गैरसमज पक्का असतो, की तिथे जज बसतात म्हणजे तेच दर ठरवून देतील. तसे होत नाही. २००८ मध्ये पंजाबच्या एका अपघात-भरपाईच्या प्रकरणात लोकअदालतीने आपल्याच विचाराने रक्कम वाढवून दिली होती. लोकअदालतीला निवाडा 'करण्याचा' अधिकार नाही, ती फक्त झालेली तडजोड नोंदवते, असे सर्वोच्च न्यायालयाने त्यात सांगितले. मध्यस्थाचेही तेच. आकडा दोन्ही पक्षांनाच काढायचा असतो.

आता त्या खोलीत जाऊ. टेबलाच्या एका बाजूला शेतकरी, त्याचा मुलगा आणि वकील. दुसऱ्या बाजूला सहायक सरकारी वकील. त्यांच्या शेजारी ज्यांच्यासाठी जमीन घेतली त्या पाटबंधारे महामंडळाचे वकील, कारण पैसे त्यांच्या तिजोरीतून जाणार. कार्यकारी अभियंत्यांनी पाठवलेला एक शाखा अभियंता, मांडीवर फडक्यात बांधलेली फाइल. आणि भूसंपादन कार्यालयाचा एक अव्वल कारकून, जो या सगळ्यांत प्रकरण सर्वांत जास्त ओळखतो आणि सर्वांत कमी बोलतो. शेतकरी आशेने अभियंत्याकडे पाहतो. त्या अभियंत्याला चहाचे बिल मंजूर करण्याचासुद्धा अधिकार नसतो.

म्हणून जाणता मध्यस्थ पहिला प्रश्न रकमेचा विचारत नाही. तो विचारतो, मान्यता कोण देणार? जमवाजमव कितीही छान झाली तरी लेखी मान्यतेशिवाय सरकारी वकील कागदावर सही करणार नाही, आणि करूही नये. २०२३च्या कायद्यानेही सरकारच्या तडजोडीला सक्षम प्राधिकाऱ्याची लेखी पूर्वसंमती लागते असे लिहून ठेवले आहे. तेव्हा फाइल कोणत्या टेबलावरून कोणत्या टेबलावर जाणार, विभागाची मान्यता हवी की महामंडळाच्या कार्यकारी संचालकांची, विधी व न्याय विभागाचे मत लागणार का, हे पहिल्याच बैठकीत कागदावर घ्यायचे. हे न करता घेतलेल्या चार बैठका म्हणजे चार वेळा एसटीचे भाडे.

दुसरी गोष्ट शेतकऱ्याच्या बाजूने समजून घ्यायची आहे, आणि ती जरा अवघड जाते. समोरचा अधिकारी अडवणूक करतो आहे असे दिसते तेव्हा बहुतेक वेळा तो घाबरलेला असतो. न्यायालयाने नऊ लाख द्यायला लावले तर त्याला कुणी विचारत नाही, आदेशच आहे. पण त्याने स्वतःच्या सहीने पाच लाख दिले, तर तीन वर्षांनी लेखापरीक्षणात परिच्छेद निघतो, की हा दर कशावरून? म्हणून तो 'न्यायालय ठरवेल ते मान्य' म्हणत बसतो. सरकारच्या दृष्टीने हे महाग आणि त्याच्या दृष्टीने हेच स्वस्त. मध्यस्थीचे अर्धे काम या माणसाला फाइलमध्ये लावता येईल असा कागद मिळवून देण्याचे असते. मध्यस्थ त्याला वेगळा बसवतो आणि विचारतो, 'टिपणीत काय लिहिता येईल तुम्हाला?' या प्रश्नाने खोलीतली हवा बदलते, कारण याचे उत्तर त्याला माहीत असते.

टिपणीत चालणारा सगळ्यांत भारी कागद म्हणजे त्याच गावातल्या, त्याच अधिसूचनेतल्या दुसऱ्या गटाचा उच्च न्यायालयाने आधीच कायम केलेला दर. तो असला की अधिकाऱ्याला स्वतःचे काहीच बोलावे लागत नाही. तो नसेल तर शेजारच्या गावाचा, त्याच प्रकल्पासाठीचा. त्याखालोखाल अधिसूचनेच्या आधी नोंदलेली खरेदीखते. नंतरची कुणी विचारात घेत नाही. जमीन बागायत असल्याचा दावा असेल तर सातबाऱ्यावरची त्या वर्षांची पीकपाहणी आणि विहिरीची नोंद. गावाचा नकाशा आणून आपला गट आणि दाखल्याचा गट रंगीत पेन्सिलीने दाखवला, तर अर्ध्या तासाचे भाषण वाचते. गटांमधले अंतर नकाशावर दोन बोटांचे दिसले की 'ती जमीन वेगळी, ही वेगळी' हा मुद्दा आपोआप बारीक होतो.

आणि हिशेबाचा तक्ता. दराचा झगडा थांबला की व्याजावर बोलणे सुरू होते, तिथेच खरी देवाणघेवाण आहे. आपल्या उदाहरणात सरळ मध्य काढला, आरला ४,०००, तर शेतकऱ्याला एकूण ४,४८,४४८ मिळतात. पण समजा शेतकरी म्हणाला, दर ४,५०० द्या, मी पाच वर्षांचे व्याज सोडतो. तर रक्कम होते ५,३४,०७२. शेतकऱ्याला मधल्या आकड्यापेक्षा पंच्याऐंशी हजार जास्त मिळाले आणि अधिकाऱ्याला टिपणीत लिहायला एक वाक्य मिळाले: व्याजापोटी शासनाचे १,३८,६०० रुपये वाचले. हे वाक्य त्या फाइलला वरच्या टेबलापर्यंत घेऊन जाते. अपील मुदतीनंतर, उशीर माफ करून घेऊन दाखल झालेले असेल, तर त्या उशिराच्या काळाचे व्याज न्यायालयेही नाकारतात. तेवढे आधीच सोडून दिलेले बरे, त्यात सोडण्यासारखे काही नसतेच.

या खोलीत बोललेले बाहेर जात नाही. ४,५०० चालतील असे शेतकरी म्हणाला आणि तडजोड फिसकटली, तर उद्या युक्तिवादात सरकारी वकिलाला ते वापरता येत नाही. मध्यस्थ न्यायालयाला कळवतो ते इतकेच: जमले किंवा जमले नाही. अपील होते तिथून पुढे चालू.

जमले, तर कागद लिहिताना घाई नको. गट क्रमांक, क्षेत्र, दर, दिलासा रक्कम, व्याज कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत, आधी उचललेली रक्कम वजा किती, सरकारचे उलट अपील मागे घेतले जाणार का, हे सगळे आकड्यांसह. 'नियमानुसार व्याज' असे दोन शब्द लिहून मोकळे झालेले मी पाहिले आहेत. त्या दोन शब्दांवर पुन्हा दोन वर्षे गेली. रक्कम किती दिवसांत जमा करायची आणि न केल्यास सोडलेले व्याज पुन्हा लागू होईल, हेही लिहून घ्यावे. सरकारी पैसा मार्चच्या तोंडाला मिळतो किंवा एप्रिलनंतर अडकतो, त्याप्रमाणे मुदत धरावी. नाही तर हातात निवाडा आणि खात्यावर शून्य. मग दिवाणी न्यायालयात दरखास्त, जप्तीचा हुकूम, आणि बेलीफ जिल्हाधिकारी कार्यालयाच्या खुर्च्या मोजतो आहे असा फोटो स्थानिक पानावर. फोटो छान येतो, पैसे त्याने लवकर येतातच असे नाही.

सह्यांच्या वेळी जुन्या अपिलात हमखास निघणारी अडचण वारसांची. अपील करणारा म्हातारा मधल्या काळात गेलेला असतो आणि नव्वद दिवसांत वारस लावायचे राहून गेलेले असते. अपील त्याच्यापुरते संपलेलेच असते, हे घरात कुणाला माहीत नसते. तडजोडीच्या दिवशी दोन मुलगे येतात, लग्न होऊन गेलेल्या बहिणींचे नाव कुणी काढत नाही. त्यांच्या सह्या लागतात. कुणी अज्ञान असेल तर त्याच्या वतीने तडजोड करायला न्यायालयाची वेगळी परवानगी लागते. हे सगळे पहिल्या बैठकीआधी नीट करून ठेवायचे. सरकारची मान्यता वर्षभराने आली आणि इकडे एका बहिणीची सही नाही म्हणून निवाडा झाला नाही, यासारखे हळहळायला लावणारे दुसरे काही नाही.

आणखी एका माणसाला आधी सांगून ठेवावे लागते, तो म्हणजे शेजारी. जुन्या कायद्याच्या कलम २८-अ खाली ज्याने रेफरन्सच केला नव्हता तोही, शेजाऱ्याला न्यायालयाने वाढ दिली की तीन महिन्यांत अर्ज करून तोच दर मागू शकतो. लोकअदालतीच्या निवाड्यावर मात्र असा अर्ज चालत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये नोएडाच्या एका प्रकरणात ठरवले. तडजोड ज्याने केली त्याचीच. सरकार तडजोडीला राजी होण्याचे हे एक न बोललेले कारण आहे. एका गटाला वाढवून दिले म्हणून अख्खे गाव दारात येत नाही. बांधाला बांध लागून असलेल्या शेजाऱ्याला हे नंतर कळते आणि तो तुमच्याशी बोलणे टाकतो. त्याचे स्वतःचे अपील असेल तर दोघांनी मिळून, एकाच बैठकीत बसणे शहाणपणाचे. मध्यस्थालाही एका गावाची पाच-सहा अपिले एकत्र आली तर हवीच असतात, दर एकदाच ठरतो.

शेवटी पैसे न्यायालयात जमा होतात. ते आपोआप खात्यावर येत नाहीत. रक्कम काढण्याचा अर्ज, ओळख पटवणारा वकील, प्रत्येक वारसाच्या पासबुकाची प्रत. आणि एक परतावा बहुतेक जण विसरतात. अपील दाखल करताना मागितलेल्या वाढीवर कोर्ट फी भरलेली असते, काही जणांनी तर ती परवडत नाही म्हणून मागणीच कमी केलेली असते. कलम ८९च्या मार्गाने किंवा लोकअदालतीत प्रकरण मिटले की ती फी परत मिळते. न्यायालय तसे प्रमाणपत्र देते. ते प्रमाणपत्र घेऊन पैसे मागायला जायचे असते जिल्हाधिकारी कार्यालयात.